चित्रांतील देहू बांधणारे साहेबमामा

देहू, आळंदी आणि चाकण हीं तीन गांवें एका त्रिकोणाच्या तीन टोकांवर वसलेलीं आहेत. पहिलीं दोन इंद्रायणीच्या कांठचीं, तिसरें नदीपलीकडे उत्तरेस. देहूस तुकोबा, आळंदीस ज्ञानोबा, आणि चाकणास तुकोबांचे अभंग वहींत उतरवून घेणारे संताजी जगनाडे. एवढ्याशा मुलखानें महाराष्ट्रास जें दिलें तें आमच्या वाचकांस सांगावयास नको. याच त्रिकोणाच्या पोटांत आणि भोंवतीं आज तळवडें, चिखली, मोशी, भोसरी असा कारखान्यांचा पट्टा पसरला आहे. १९५४ सालीं पिंपरीस हिंदुस्थान अँटिबायोटिक्सची स्थापना झाली, १९८२ सालीं पिंपरी-चिंचवड महानगरपालिका झाली, २००९ सालीं चाकणास फोक्सवॅगनचा मोटारींचा कारखाना सुरू झाला. आणि पाहतां पाहतां ज्वारी-बाजरीच्या शेतांवर पत्र्याच्या शेडी व उंच इमारती आल्या. कारखान्यांनीं हजारों घरांच्या चुली पेटविल्या, तेव्हां त्यांना नांवें ठेवण्याचा आमचा हेतु नाहीं. परंतु तुकोबांच्या वेळचें देहू कसें असेल, असें घरांतील नातवानें विचारलें तर बोट दाखवून सांगावें असें फारसें कांहीं डोळ्यांसमोर उरलेलें नाहीं, हेंहि खरें.

तरीसुद्धां पुष्कळ मराठी घरांच्या मनांत एक देहू अजून शाबूत आहे. मातीनें लिंपलेल्या भिंती, बुटकी ओसरी, कोपऱ्यांतील जातें, दावणीची म्हैस, नदीचा घाट आणि दगडी देऊळ. हें देहू आपण पाहिलें कोठें? तें आपण पाहिलें १९३६ सालच्या ‘संत तुकाराम’ या प्रभातच्या चित्रपटांत. आजोबांनीं थिएटरांत पाहिलें, वडिलांनीं दूरदर्शनवर पाहिलें, नातवंडें तें हातांतल्या मोबाइलवर पाहतात. आणि गंमत अशी कीं तें देहू देहूंत नव्हतेंच. लांकूड, बांबू, गोणपाट, माती आणि चुना यांचें तें गांव प्रभातच्या पुण्याच्या आवारांत उभें राहिलें होतें; आणि तें उभें करणारे गृहस्थ होते कोल्हापूर संस्थानांतील कागलचे शेख फत्तेलाल, ऊर्फ साहेबमामा. या महिन्याच्या टिपणांत त्यांच्या कामाचा थोडा परिचय करून देण्याचें आम्हीं योजिलें आहे.

अशा माणसास हल्लीं कलादिग्दर्शक म्हणतात. इंग्रजींत त्यांतील वरच्या अधिकाऱ्यास प्रॉडक्शन डिझायनर असें भारदस्त नांव आहे. नांव नवें असलें तरी काम नवें नाहीं. भरतमुनींनीं नाट्यशास्त्रांत अभिनयाचे चार प्रकार सांगितले: आंगिक, वाचिक, सात्त्विक आणि आहार्य. पहिले तीन नटाच्या देहाचे व मनाचे. चौथा आहार्य, म्हणजे बाहेरून आणलेला. त्यासच नेपथ्य म्हणतात. या नेपथ्याचे पुन्हां चार भाग आहेत: पुस्त, अलंकार, अंगरचना आणि संजीव. पुस्त म्हणजे डोंगर, वाहन, विमान, घर इत्यादि वस्तूंच्या प्रतिकृति. अलंकार म्हणजे वस्त्राभरणें, अंगरचना म्हणजे रंगरंगोटी, आणि संजीव म्हणजे रंगभूमीवर येणारे प्राणी. पुस्ताचेहि मुनींनीं तीन भेद केले आहेत. चटया, कातडें, कापड जोडून केलेलें तें संधिम. यंत्राच्या युक्तीनें चालणारें तें व्याजिम. आणि वर वस्त्र गुंडाळून आकार दिलेलें तें वेष्टिम. ज्या शास्त्रानें नेपथ्यास अभिनयाच्या पंक्तीस बसविलें त्या शास्त्राचे आपण वारस. परंतु नाटक-सिनेमा पाहून घरीं आल्यावर आपण नटनटींविषयीं बोलतों, गाण्यांविषयीं बोलतों. भिंतीविषयीं कोणी बोलत नाहीं. भिंत उत्तम झाली याची खूणच ही कीं ती कोणास दिसत नाहीं.

फत्तेलाल यांचा जन्म १८८६ सालचा. त्या काळचें कोल्हापूर म्हणजे चित्रकारांचें माहेरघर. शाहू महाराजांचा आश्रय, आबालाल रहमान यांच्यासारखा थोर चित्रकार, आणि नाटक मंडळ्यांचे पडदे रंगविणारे आनंदराव व बाबूराव हे मेस्त्री घराण्यांतील दोघे बंधु. पडदे रंगवितां रंगवितां या दोघांचें नांवच पेंटर पडलें. १९१३ सालीं दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला आणि या मंडळींच्या मनानें घेतलें कीं आपणहि चित्रपट काढावा. कॅमेरा घरींच बनविण्याच्या खटपटींत असतां १९१६ सालीं आनंदराव वारले. बाबूरावांनीं धीर न सोडतां, पेणच्या विष्णुपंत दामले यांच्या साहाय्यानें, कॅमेरा पुरा केला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली. भांडवल दिलें तानीबाई कागलकर या गायिकेनें. ज्या काळीं सभ्य घरांतील माणूस या धंद्याच्या वाऱ्यास उभा राहत नसे, त्या काळीं एका गायिकेच्या पैशावर, सुतार-गवंडी-चित्रकारांच्या हातांनीं, मराठी चित्रपटाची पायाभरणी झाली हें विसरतां कामा नये. याच कंपनींत फत्तेलाल तयार झाले. तीच त्यांची शाळा, तेंच त्यांचें कॉलेज.

१९२० सालीं कंपनीचा पहिला चित्रपट ‘सैरंध्री’ पुण्यास लागला आणि लोकमान्यांनीं बाबूरावांस ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली. बाबूरावांनीं नेपथ्यांत एक मोठा पालट केला. नाटकाची रीत अशी कीं राजवाडा हवा असला म्हणजे राजवाड्याचा पडदा मागें सोडावयाचा. माणूस पडद्यापुढें उभा राही. त्याच्या भोंवतीं फिरूं शकत नसे. बाबूरावांनीं पडद्यांऐवजीं खरे खांब, खऱ्या पायऱ्या, खोली असलेल्या भिंती उभ्या करण्याचा प्रघात पाडला. खांब खरा असला म्हणजे त्याची सावली पडते. आणि सावली पडली म्हणजे त्या जागेस वजन येतें. १९२५ सालच्या ‘सावकारी पाश’मध्यें तर राजवाडाहि नव्हता, कर्जांत बुडालेल्या शेतकऱ्याची झोंपडी होती. राजवाडा रचण्यापेक्षां खरी वाटेल अशी झोंपडी रचणें कठीण असतें, कारण राजवाडा प्रेक्षकानें पाहिलेला नसतो. झोंपडी त्यानें पाहिलेली असते.

त्या वेळच्या फिल्मची एक अडचण येथें सांगण्याजोगी आहे. मूकपटांच्या काळांत सर्रास वापरली जाणारी फिल्म तांबड्या रंगास आंधळी असे. तांबडी वस्तु तिच्यांत जवळ जवळ काळी उमटे, आणि निळें आकाश पांढरेंफटक येई. म्हणजे कलादिग्दर्शकास सुंदर रंग देऊन भागत नसे. हा हिरवा आणि हा तांबडा, डोळ्यास इतके निराळे, पडद्यावर एकाच करड्या छटेचे तर होणार नाहींत ना, हें आधींच ओळखावें लागे. रंगाचें ज्ञान ठेवून रंगावांचून चित्र काढावयाचें अशी ती विद्या होती.

महाराष्ट्र फिल्म कंपनींत असतांनाच दामले व फत्तेलाल यांनीं १९२८ सालीं ‘महारथी कर्ण’ हा चित्रपट मिळून दिग्दर्शित केला. पुढें १९२९ च्या जून महिन्याच्या पहिल्या तारखेस कोल्हापुरांत प्रभात फिल्म कंपनीची स्थापना झाली. भागीदार पांच: शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी. दामले यंत्रांत आणि पुढें ध्वनिमुद्रणांत निष्णात. फत्तेलाल रंगांत आणि आकारांत. एकास सारे दामलेमामा म्हणत, दुसऱ्यास साहेबमामा. मामा हें नातें आपल्या घरांत कसें असतें हें वाचकांस ठाऊक आहे. धाकाचें कमी, हक्काचें अधिक. एक कोंकणचे ब्राह्मण आणि एक कागलचे मुसलमान असे हे दोन मामा महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या दिवसांपासून १९४५ सालीं दामले वारले तोंपर्यंत एकत्र राबले आणि दोघांनीं मिळून दिग्दर्शन केलेल्या चित्रपटांवर दोघांचीं नांवें जोडीनें आलीं. ऐक्यावर व्याख्यानें देणारे पुष्कळ असतात. यांनीं व्याख्यान न देतां काम केलें.

१९३२ सालीं ‘अयोध्येचा राजा’ हा बोलपट आला आणि नेपथ्यकाराची अडचण दुप्पट झाली. तोंवर भिंत डोळ्यांस खरी वाटली कीं काम भागे. आतां ती कानांसहि खरी वाटावयास हवी. पोकळ लांकडी भिंतीशीं उभें राहून बोललें तर आवाज घुमतो, आणि दगडी किल्ल्याच्या जागीं लांकडी पेटी असल्याचें उघडें पडतें. म्हणून न दिसणाऱ्या बाजूस गोणपाट, पडदे, चटया लावून घुमारा मारावा लागे. १९३३ सालीं कंपनी पुण्यास आली. त्याच सालीं ‘सैरंध्री’ रंगीत करण्याचा प्रयोग झाला. छपाईसाठीं फिल्म जर्मनीस पाठविली, पण रंग मनासारखे उतरले नाहींत. म्हणून मंडळी खचलीं नाहींत. काळ्या-पांढऱ्याकडे परतलीं आणि त्यांतच त्यांनीं आपलें सर्वोत्तम काम केलें.

साहेबमामांच्या कामाचा आवाका पाहावयाचा असेल तर त्या तीन-चार वर्षांतील चित्रपट एकापुढें एक मांडून पाहावेत. १९३४ चें ‘अमृतमंथन’: देवीचें प्रचंड मंदिर, बळीची वेदी, अंधारांतून येणारा उजेडाचा झोत. १९३६ चें ‘अमरज्योति’: समुद्र, गलबतें आणि चांचे. त्याच वर्षीं ‘संत तुकाराम’: मातीचें गांव. आणि १९३७ चें ‘कुंकू’: आपल्यासारख्या वाचकांचें घर. नारायण हरि आपट्यांच्या कादंबरीवरील या चित्रपटांत म्हाताऱ्या वकिलाशीं फसवून लग्न लावून दिलेल्या मुलीची कथा आहे. तेथें मंदिर नाहीं, गलबत नाहीं. आहेत त्या नेहमींच्या वस्तु. भिंतीवरचें घड्याळ, आरसा, खुर्ची, जिना. परंतु त्या घरांत घड्याळाचे ठोके म्हाताऱ्याच्या सरत्या वयाची आठवण देतात, आणि आरसा त्यास त्याचेंच खरें रूप दाखवितो. या चित्रपटास पार्श्वसंगीत ठेवलें नव्हतें; घरांतले आवाज तेवढे होते. म्हणजे ज्या वस्तु एरवीं खोलीची शोभा म्हणून असतात, त्यांच्यावरच कथेचा भार पडला. नुसती सजावट आणि खरें नेपथ्य यांतील भेद हाच होय. वस्तु काढून घेतली तर खोली ओकी दिसेल, ती सजावट. वस्तु काढून घेतली तर अर्थच जाईल, तें नेपथ्य.

आतां मुख्य कामाकडे येऊं. ‘संत तुकाराम’चें दिग्दर्शन दामले-फत्तेलाल यांचें. कथा-संवाद शिवराम वाशीकरांचे, संगीत केशवराव भोळ्यांचें, पदें शांताराम आठवल्यांचीं. तुकोबा विष्णुपंत पागनीस आणि आवली गौरी. १९३६ च्या डिसेंबरांत मुंबईच्या सेंट्रल सिनेमांत तो लागला आणि सत्तावन आठवडे चालला. १९३७ सालीं इटलींतील व्हेनिसच्या महोत्सवांत त्याची वाखाणणी झाली. हें सारें सर्वश्रुत आहे. आम्हांस सांगावयाचें आहे तें निराळेंच.

भरतमुनींचीं तिन्ही-चारी सूत्रें या एका चित्रपटांत लावून पाहतां येतात. संधिम म्हणजे जोडलेलें: तुकोबांचें घर, देऊळ, गांवची वाट. या घराकडे नीट पाहिलें तर लक्षांत येतें कीं मांडणाऱ्यानें दारिद्र्याचें प्रदर्शन केलेलें नाहीं. भगदाडें, चिंध्या, कोळिष्टकें असा नाटकी दरिद्रीपणा तेथें नाहीं. आहे तें लिंपलेलें, झाडलेलें, वापरांतलें घर. त्यांत फक्त वस्तु कमी आहेत. हात चालविणाऱ्या बाईचें घर गरीब असलें तरी गचाळ नसतें, हें ज्यानें पाहिलें आहे तोच असें घर मांडूं शकतो. आवली दळते, रांधते, म्हशीची उस्तवार करते, देवावर संतापते. आणि त्या सर्व कामांना त्या घरांत जागा आहे. जातें कोठें, चूल कोठें, म्हैस कोठें बांधावयाची, याचा हिशेब पक्का असल्यामुळें नटी त्या घरांत वावरते, नुसती उभी राहत नाहीं. आणि ती म्हैस म्हणजे मुनींचें संजीव! या चित्रपटांतील तिचें काम विसरणारा प्रेक्षक आम्हांस अद्याप भेटलेला नाहीं.

व्याजिम म्हणजे यंत्रानें चालणारें: इंद्रायणींतून वर येणाऱ्या वह्या, आणि शेवटचें वैकुंठाचें विमान. आजच्या मुलांस संगणकावरील चमत्कार पाहण्याची संवय. त्यांस तें विमान भाबडें वाटेल. तरीहि मुलांसह तो शेवट पाहावा. विमान वर जातें आणि खालीं आवलीचें अंगण उरतें, मुलें उरतात, संसार उरतो. चमत्कार आकाशांत घडतो, परंतु त्याचें मोल कळतें तें खालच्या मातीच्या घरामुळें. तें घर जर खोटें वाटलें असतें, तर विमानावर कोणी विश्वास ठेवला नसता. श्रद्धेचा चित्रपट करतांना देव दाखविण्यापूर्वीं उंबरठा दाखवावा लागतो, हें या दोघां मामांस उमगलें होतें.

१९४० सालीं याच जोडीनें ‘संत ज्ञानेश्वर’ केला. ज्ञानेश्वरांच्या भूमिकेंत शाहू मोडक होते. वाघावर बसून येणाऱ्या चांगदेवांस सामोरे जाण्यासाठीं चार भावंडांनीं भिंत चालविली, ही कथा आळंदीस अजूनहि ती भिंत दाखवून सांगतात. आतां नेपथ्यकाराच्या बाजूनें पाहा. संतांस भिंत चालविण्यासाठीं तपोबल पुरलें. मिस्त्रीस मात्र ती भिंत आधीं दगडमातीची दिसेल अशी बांधावी लागते, आणि नंतर ती हलेल इतकी हलकी ठेवावी लागते. जड दिसावें आणि हलकें असावें: या धंद्याची सारी विद्या या चार शब्दांत आली. देहू आणि आळंदी हीं दोन्ही गांवें पडद्यावर आलीं तीं अशीं.

पुढील हकीकत थोडक्यांत सांगतों, कारण ती सुखाची नाहीं. १९४२ सालीं शांताराम प्रभात सोडून मुंबईस गेले. १९४५ सालीं दामलेमामा वारले. कंपनीस उतरती कळा लागली आणि १९५० नंतरच्या पहिल्या कांहीं वर्षांतच तिचा कारभार आटोपला. साहेबमामांनीं १९५५ सालीं ‘जगद्गुरु शंकराचार्य’ हा चित्रपट दिग्दर्शित केला. तुकोबा, ज्ञानोबा, सखू आणि शेवटीं आद्य शंकराचार्य: आयुष्यभराची ही यादी पाहून वाचकांनीं काय तें समजावें. १९६४ सालीं ते निवर्तले. प्रभातच्या जागेंत १९६० सालीं सरकारची फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली होती, आणि १९६४ सालींच पुण्यांत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघालें. दामल्यांच्या पुढील पिढीनेंहि प्रभातच्या चित्रपटांचें जतन मनावर घेतलें. म्हणून साहेबमामांनीं बांधलेलें गांव आज आपण पाहूं शकतों. नेपथ्य हें जात्याच अल्पायुषी; चित्रीकरण संपलें कीं भिंती मोडून त्यांचें लांकूड पुढच्या कामास जातें. टिकते ती फिल्म. आणि तीहि कोणी जपली तरच.

त्यांच्यामागें ही परंपरा महाराष्ट्रांत खंडित झाली नाहीं. चित्रकार एम. आर. आचरेकर यांनीं १९५१ सालच्या ‘आवारा’सारख्या चित्रपटांचें कलादिग्दर्शन केलें. कोल्हापूरच्याच राजोपाध्ये घराण्यांतील भानु अथैया यांस ‘गांधी’च्या वेषभूषेसाठीं १९८३ सालीं ऑस्कर मिळालें, तो मान मिळविणाऱ्या त्या पहिल्या भारतीय. दापोलीस जन्मलेले नितीन चंद्रकांत देसाई यांनीं २००१ सालच्या ‘लगान’साठीं कच्छांत भुजजवळ चंपानेर नांवाचें आख्खें गांव उभें केलें, चार वेळां राष्ट्रीय पारितोषिक मिळविलें आणि कर्जतजवळ स्वतःचा स्टुडिओ काढला. २०२३ सालीं त्यांचें निधन झालें.

परदेशांतहि हेंच घडत आलें आहे. प्रॉडक्शन डिझायनर हें पद प्रथम मिळालें तें १९३९ सालच्या ‘गॉन विथ द विंड’साठीं विल्यम कॅमेरॉन मेंझिस यांस. मेक्सिको देशांतील युजेनियो काबायेरो यांनीं ‘पॅन्स लॅबिरिंथ’ या चित्रपटासाठीं ऑस्कर मिळविलें, आणि २०१८ सालच्या ‘रोमा’साठीं मेक्सिको शहरांतील सुमारें १९७० सालचें एक घर पुन्हां उभें केलें. तें घर म्हणजे दिग्दर्शक आल्फोन्सो क्वारोन यांच्या बाळपणचें घर. त्यासाठीं त्यांच्या नातलगांकडे विखुरलेलें जुनें सामानसुमान शोधून आणून मांडलें. कथेची नायिका आहे त्या घरांतील मोलकरीण. देहूच्या आवलीचें जातें आणि मेक्सिकोच्या मोलकरणीची बादली, दोन्हींस पडद्यावर सारखाच मान मिळाला.

आमच्या वाचक-कुटुंबांत एक प्रश्न वरचेवर निघतो म्हणून हा विषय आम्हीं मुद्दाम घेतला. मुलगा किंवा मुलगी चित्रें काढते, पुठ्ठ्याचीं घरें करते, गणपतीची आरास एकहातीं उभी करते. दहावी झाल्यावर म्हणते, मला हेंच शिकावयाचें आहे. घरांत शांतता पसरते. आजोबा पंचांग उघडतात, काका पगाराचा हिशेब मांडतात, आणि शेवटीं ‘आधीं इंजिनिअर हो, मग हौस म्हणून कर’ असा निवाडा होतो. आम्हीं तीस वर्षें शाळेंत काढलीं. चित्रकलेचा तास परीक्षा जवळ आली कीं गणितास देऊन टाकण्याची चाल आम्हीं जवळून पाहिली आहे. ती चाल शाळेची खरी, परंतु तिच्यामागें घराघरांचें मत उभें होतें. लेखणी धरणारा हात वरचा आणि पटाशी धरणारा खालचा, ही समजूत आपल्या वर्गांत फार खोल गेली आहे.

याच औद्योगिक पट्ट्यांत राहून ही समजूत बाळगणें विशेष विचित्र आहे. भोसरी-चाकणच्या कारखान्यांतून जी मोटार बाहेर पडते, तिच्या प्रत्येक भागाचा आधीं कोणीतरी साचा केलेला असतो. गाडीवर साचा करणाऱ्याचें नांव नसतें. परंतु साचा केसभर चुकला तर हजारों गाड्या चुकतात. कलादिग्दर्शकाचें काम याच जातीचें. मोजमाप, नकाशा, लांकूडकाम, इतिहासाचा अभ्यास, माणसांकडून काम करून घेण्याची हातोटी आणि खर्चाचा ताळमेळ, हें सारें त्यांत लागतें. आळशी मुलाचा हा मार्ग नव्हे. पालकांनीं हेंहि जाणून असावें कीं यांत महिन्याच्या महिन्यास पगार नसतो; एक काम संपलें कीं दुसरें मिळेपर्यंत थांबावें लागतें, दिवसरात्र राबावें लागतें, आणि कीर्ति बहुधा दुसऱ्याच्या वांट्यास जाते. हें सारें मुलासमोर स्पष्ट मांडावें. परंतु तें सांगणें निराळें आणि दार लावणें निराळें. सरकारी एलिमेंटरी व इंटरमीजिएट या चित्रकलेच्या परीक्षा शाळेंत असतांनाच देतां येतात. पुढें कलामहाविद्यालयें आहेत, आणि पदवीनंतर पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्यें कलादिग्दर्शनाचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. जेथें साहेबमामांनीं देहू बांधलें त्याच आवारांत!

जातां जातां एक सूचना. चिंचवडगांवांत, चाकणांत, आळंदींत जुने वाडे एकामागून एक उतरविले जात आहेत. जागेची अडचण, वाटणीचे प्रश्न, दुरुस्तीचा खर्च हीं कारणें आम्हांस ठाऊक आहेत; वाडा पाडूं नका असा उपदेश आम्ही करीत नाहीं. परंतु पाडण्यापूर्वीं एक रविवार त्यास द्यावा. घरांतील मुलांच्या हातीं टेप आणि वही द्यावी. माजघराची लांबीरुंदी, उंबरठ्याची उंची, कोनाड्याची खोली, तुळयांमधील अंतर, देवघराचें तोंड कोणत्या दिशेस, जातें कोठें मांडलें होतें, हें मोजून लिहावें. मोबाइलवर छायाचित्रें घ्यावींत. नुसत्या माणसांचीं नव्हे, भिंतींचींहि. आजीस विचारून प्रत्येक कोपऱ्याचें नांव आणि काम टिपून ठेवावें. उद्यां कोणास आपल्या काळचें घर पडद्यावर उभें करावयाचें झालें तर त्यास हीच वही उपयोगी पडेल. आणि न झालें तरी ज्या मुलानें ती लिहिली त्यास आपलें घर कसें बांधलेलें होतें तें कायमचें कळलेलें असेल. मोजणाऱ्या मुलांत एखादा असा निघेल कीं ज्यास टेप खालीं ठेववणार नाहीं. तो निघाला तर त्यास अडवूं नये, एवढीच वडील मंडळींस आमची विनंती आहे.